टिपरे, तात्या आणि बाबुली

दादर, मुंबई

प्रिय बाईसाहेब,

तुझा व्हॉट्सअॅपवरचा निरोप वाचला आणि तळपायाची आग मस्तकात गेली. ‘दशावतार पाहिला. म्हातारा काय सुंदर काम करतो! कोण गं तो?’ कोण गं तो! टोरांटोला जाऊन माणूस थंडीनं गारठतं हे ऐकून होते, स्मरणशक्तीही गोठते हे ठाऊक नव्हतं. बरं, मी नाव कळवल्यावर तरी जिभेला चावा घेशील की नाही? तर नाही. ‘अय्या, टिपरे होय! पण काही म्हण, त्यांचं सगळं मेकअपमध्येच असतं. डॉ. लागू बघ, काही न लावता लागूच असायचे.’ एवढं टाकून तू झोपायला गेलीस. इथे माझी दुपारची झोप उडाली. हे भांडण अंगठ्यानं टाईप करून उरकण्यासारखं नाही, म्हणून चांगले ताव घेऊन बसले आहे. पोस्टाला जितके दिवस लागायचे तितके लागोत.

आधी एक गोष्ट कबूल करते. तू दिलीप प्रभावळकरांना ओळखलं नाहीस याचा जितका राग आला, तितकीच गंमतही वाटली. चिमणराव बघत आपण दोघी मोठ्या झालो, ‘टिपरे’ तू व्हिडिओ कॅसेटवर मागवून घेत होतीस, आणि तरीही तो माणूस समोर आला तेव्हा तू ‘कोण गं’ विचारलंस. एखाद्या नटाला याहून चांगली पावती काय मिळणार? लागूंना असं कुणी कधी विचारलं नसतं. पण म्हणून एक मोठा आणि दुसरा रंगरंगोटीवाला, हा कुठला न्याय?

श्रीराम लागू माझेही लाडके, हे तुला माहीत आहे. त्यांची जातच वेगळी. ‘नटसम्राट’ असो, ‘सामना’ असो नाहीतर ‘सिंहासन’, भूमिका त्यांच्याकडे चालत यायची आणि त्यांच्या आवाजात, त्यांच्या कपाळावरच्या आठीत राहायला लागायची. प्रभावळकरांचं उलट आहे. हे स्वतः उठून भूमिकेच्या घरी राहायला जातात, तिथलंच खातात-पितात, आणि स्वतःचा पत्ता कुणाला सांगत नाहीत. आता यातलं कुठलं अवघड, ते तूच ठरव. माझ्या मते दुसरं, कारण पहिल्यात निदान टाळी तरी आपल्या नावावर जमा होते.

आता मेकअपचं बघू. चिमणरावाला मेकअप काय होता गं? टोपी, मिशी, कोट, धोतर. १९७०च्या दशकाअखेरीस मुंबई दूरदर्शनवर ते दिसायचं तेही काळं-पांढरं, आणि आमच्या चाळीत तर त्यावर मुंग्याही नाचायच्या. चिं. वि. जोशींचा हा चिमणराव त्याआधी पडद्यावर येऊन गेलेला होता. १९४०च्या ‘लग्न पहावे करून’मध्ये मास्टर विनायकांनी दामूअण्णा मालवणकरांना चिमणराव केलं आणि विष्णुपंत जोगांना गुंड्याभाऊ. दामूअण्णा म्हणजे काय! त्यांचे डोळेच दोन वेगळ्या दिशांना विनोद करायचे. आमचे आजोबा दूरदर्शनवरच्या चिमणरावाकडे पहिल्यांदा पाठ करून बसले होते, दामूअण्णांची सर कुणाला यायची नाही म्हणून. पुढे तेच सगळ्यात पुढची सतरंजी धरायला लागले.

प्रभावळकरांनी त्यात केलं काय, ते मला बऱ्याच वर्षांनी उमगलं. विनोदी माणूस म्हणून ते चिमणराव करतच नव्हते. चिमणराव स्वतःला अत्यंत शहाणा, व्यवहारी, घरचा कर्ता पुरुष समजतो. तो सांगतो ते त्याच्या दृष्टीनं रास्तच असतं. वाक्य तो रुबाबात सुरू करतो, मध्ये कुठेतरी समोरच्याच्या चेहऱ्यावर शंका दिसते, आवाज अर्धी पट्टी वर चढतो आणि वाक्याचं शेपूट तोंडातच राहतं. तेवढ्यात शेजारी बाळ कर्व्यांचा गुंड्याभाऊ सोटा आपटतो. हशा येतो तो त्या राहून गेलेल्या शेपटाला. आता सांग, हे शेपूट कुठल्या मेकअपच्या डबीत मिळतं?

बाकी या माणसाचं मूळचं शिक्षण रसायनशास्त्राचं, आणि नोकरी औषध कंपनीतली. मराठी रंगभूमीला हे एक वेडच आहे. दातांचे डॉक्टर घाणेकर, कान-नाक-घशाचे लागू, मनाचे डॉक्टर आगाशे, आणि औषधांकडून आलेले हे. नाटकमंडळींचं एक छोटंसं इस्पितळ सहज चाललं असतं. पण प्रयोगशाळेत बसलेल्या माणसाला एक सवय लागत असावी असा माझा आपला समज आहे: थेंब मोजून टाकायचा. प्रभावळकरांच्या कामात सांडलेलं काही सापडत नाही.

त्यांची सुरुवात रत्नाकर मतकरींच्या नाटकांतून झाली, त्यातही बालनाट्यांतून. ‘अलबत्या गलबत्या’मधली चेटकीण, चिंची, ती त्यांनी केली. मुलांची नाटकं हलकी समजणारे पुष्कळ असतात. पण मुलांसमोर चेटकीण उभी करायची म्हणजे पहिल्या रांगेतलं पोर रडायला लागेल इतकी खरी, आणि तेच पोर घरी जाऊन टॉवेल डोक्याला गुंडाळून तिची नक्कल करेल इतकी लाडकी. घाबरवायचंही आणि हवंहवंसंही वाटायचं, हे गणित ते तिथे शिकले. पुढे तात्या विंचू आला तेव्हा उत्तर तयार होतं. अलीकडच्या वर्षांत ती चेटकीण वैभव मांगलेंनी केली आणि नवी पिढी तिच्यावर तितकीच खूश झाली. शाळेला सुट्टी लागली की नातवंडांना घेऊन आजीआजोबा रांगेत उभे असतात.

तुला आठवतं, ‘नातीगोती’ पाहून आपण शिवाजी मंदिरातून बाहेर आलो आणि एकमेकींशी बोललोच नाही? जयवंत दळवींचं नाटक. मतिमंद, वाढलेल्या मुलाचे मध्यमवर्गीय आईबाप. बाप प्रभावळकर, आई स्वाती चिटणीस, आणि मुलगा अतुल परचुरे. दळवींनी त्या बापाला रडायला फारशी जागाच दिलेली नाही. त्याला ऑफिसला जायचंय, लोकलमध्ये लटकायचंय, शेजाऱ्यांशी बरं बोलायचंय. प्रभावळकरांनी तो बाप दमलेला ठेवला. दुःखी बाप कुणीही करेल. दमलेला बाप, ज्याला दुःखी व्हायलाही सवड नाही, तो करायला वेगळा नट लागतो.

आणि मग १९९१ साली संजय सूरकरांचा ‘चौकट राजा’ आला. आता बाप नाही, नंदू ते स्वतः. लहानपणच्या अपघातानं ज्याची बुद्धी वाढायची थांबली असा मोठ्या अंगाचा मुलगा. सुलभा देशपांडे त्याची आई. मला कायम वाटत आलंय की ‘नातीगोती’त रोज रात्री त्या मुलाकडे बापाच्या डोळ्यांनी पाहिलेला माणूस नंदू करत होता, म्हणूनच तो नंदू कुठे घसरला नाही. अशा भूमिकांत नट हमखास एक चूक करतात. मान वाकडी, बोटं वाकडी, लाळ, आणि प्रेक्षकांकडे चोरून एक नजर की बघा, मी किती कठीण काम करतोय. नंदू आपल्याकडे बघतच नाही. तो स्मिता तळवलकरांच्या मीनलकडे बघतो, त्याच्या बालपणीच्या मैत्रिणीकडे, आणि तिला आपण आता परके झालोत हे त्याला कळत नाही. तिला ते कळतं. सिनेमा तिथे आहे.

तू म्हणशील, ही एकीकडे रडवायची कामं आणि दुसरीकडे काय? तर ‘हसवा फसवी’. नाटक लिहिलं त्यांनीच आणि त्यात सहा भूमिका केल्या त्यांनीच. दिग्दर्शन चंद्रकांत कुलकर्णींचं. इथे मात्र तुझा मेकअपचा मुद्दा मी अर्धा मान्य करते. विग होते, दाढ्या होत्या, लुगडं होतं, आणि कुठल्याशा परमुलखाचा राजपुत्रही होता. लोक हसून हसून खुर्च्यांवरून पडायचे. पण त्या सगळ्या धमालीनंतर कृष्णराव हेरंबकर यायचे, संगीत नाटकातले जुने गायकनट. थकलेले, विस्मरण झालेले, अंगातलं त्राण गेलेले. आणि जे नाट्यगृह आत्तापर्यंत हसत होतं त्याला हसावं की नाही ते कळेनासं व्हायचं. म्हाताऱ्याची कंप पावणारी मान आणि त्या मानेतून मध्येच निघणारी, वयाला न शोभणारी तालेवार सुराची जागा. पहिल्या अंकातला चावटपणा याच माणसानं केला यावर विश्वास बसत नसे. रंग एकाच पेटीतले, पण कृष्णरावांसाठी बालगंधर्वांच्या जमान्यातली माणसं ऐकून, बघून, मनात साठवून ठेवलेली असावी लागतात. पुढे पुष्कर श्रोत्रीनं हे नाटक केलं. चांगलं केलं. सहा भूमिका लिहून ठेवणारा नट विरळाच, आणि त्या दुसऱ्याच्या हाती देणारा त्याहून विरळा.

इथे मी माझ्या मुद्द्यावर येते. प्रभावळकर मुळात लेखक आहेत, आणि हे विसरून त्यांच्या अभिनयाबद्दल बोलणं व्यर्थ आहे. ‘गुगली’ वाचलंस ना? शिवाजी पार्कच्या कट्ट्यावर बसून क्रिकेट बघणारा माणूसच ते लिहू शकतो. ‘बोक्या सातबंडे’ माझ्या भाच्यानं वाचून वाचून फाडलं. ‘पत्रापत्री’ तर दोन जुन्या मित्रांचा पत्रव्यवहारच आहे. हे पत्र लिहिताना ते पुस्तक मुद्दाम कपाटात बंद करून ठेवलंय, नाहीतर त्यांचंच सुटलेलं वाक्य माझ्या कागदावर यायचं. लिहिणाऱ्या माणसाचा कान निराळा असतो. बँकेच्या रांगेत पुढचा माणूस वाक्याला ‘म्हणजे कसं आहे’ लावूनच सुरुवात करतो, हे तुम्हीआम्ही ऐकतो आणि विसरतो. हे विसरत नाहीत. ते घरी नेऊन त्याला नाव देतात, बायको देतात, एक दुखरा गुडघा देतात.

‘टिपरे’ अशीच आली. ‘अनुदिनी’ हे त्यांचं रोजनिशीच्या रूपातलं लेखन, आणि त्यावरून केदार शिंदेनं २००१ पासून अल्फा मराठीवर ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ केली. आबा स्वतः प्रभावळकर, मुलगा शेखर म्हणजे राजन भिसे, सून श्यामल शुभांगी गोखले, नातवंडं शलाका आणि शिऱ्या म्हणजे रेश्मा नाईक आणि विकास कदम. तेव्हा प्रभावळकर साठीलाही पोचले नव्हते, पण आमच्या सोसायटीतली खरी सत्तरीची मंडळी त्यांना ‘आबा’ म्हणायला लागली होती.

त्या मालिकेत घडायचं काय? नळाला पाणी नाही. शिऱ्याचा निकाल. श्यामलची कुणा मैत्रिणीशी झालेली धुसफूस. बस्स. खलनायिका नाही, विषाचा पेला नाही, तिरक्या भुवयांवर तीनदा आपटणारा कॅमेरा नाही. दिवस संपला की आबा वही उघडून बसायचे. त्या वहीत ते घरातल्या कुणालाही शिकवत नसत, हे मला फार आवडायचं. आपल्याकडच्या मालिकांतला म्हातारा म्हणजे चालता-फिरता सुविचारांचा फळा. आबांना मात्र नातवाचं ऐकून घ्यायची उत्सुकता असायची, कधी हेवाही वाटायचा, कधी ते चिडायचे, कधी चोरून गोड खायचे. आठवड्यातून एकदा यायची मालिका, म्हणून लिहायला उसंत होती. पुढे रोजच्या मालिकांचा रतीब सुरू झाला आणि ती उसंत गेली. ‘टिपरे’ आजही लोक यूट्यूबवर जेवताना लावून बसतात. आमच्या घरी तर पोळ्या लाटताना लावतात, तेव्हा तक्रारीला वाव नाही.

आता तात्या विंचू. तुझ्या मुलाला लहानपणी रात्री दिवा लावून झोपायची सवय कशानं लागली होती, विसरलीस का? १९९३चा ‘झपाटलेला’, महेश कोठारेंचा. कल्पना ‘चाइल्ड्स प्ले’ या अमेरिकन सिनेमावरून उचललेली, हे सगळ्यांना ठाऊक आहे आणि कुणाला त्याचं काही वाटत नाही, कारण तात्या अस्सल इथला झाला. प्रभावळकर पडद्यावर हाडामांसाचे दिसतात ते थोडाच वेळ. गुंड तात्या मरता मरता बाहुल्यात शिरतो आणि तिथून पुढे बाहुला रामदास पाध्यांचा, आवाज प्रभावळकरांचा. म्हणजे बघ, मेकअपवर जगणाऱ्या नटानं, तुझ्या म्हणण्याप्रमाणे, आपली सगळ्यात गाजलेली भूमिका चेहरा न दाखवता केली. लक्ष्मीकांत बेर्डे समोर घामाघूम आणि त्याच्यासमोर लाकडी तोंडातून येणारा तो खरखरीत, खवचट, किंचित लाडिक आवाज. त्या लाडिकपणानं जास्त भीती वाटते.

भुतांशी त्यांचा घरोबा जुनाच. १९८२च्या ‘एक डाव भुताचा’मध्ये ते भुताच्या तावडीत सापडलेले मास्तर होते, भूत अशोक सराफ. द. मा. मिरासदारांच्या संवादांची फोडणी वेगळीच. २००४च्या ‘पछाडलेला’पर्यंत स्वतःच भूत झाले. बढतीच म्हणायची.

हिंदीचं थोडक्यात सांगते, कारण हिंदीनं त्यांना थोडक्यातच आटोपलं, हा माझा जुना राग आहे. २००२चा ‘एनकाउंटर: द किलिंग’ तू पाहिला नसशील. अजय फणसेकरांचा. समोर नसिरुद्दीन शाह पोलीस अधिकारी आणि हे पुनाप्पा, गुन्हेगारी जगातला एक चिवट म्हातारा. त्यातली त्यांची चाल बघ, खांद्यातून सुरू होते.

आणि मग २००६चा ‘लगे रहो मुन्नाभाई’. याबद्दल मात्र सविस्तर लिहिल्याशिवाय मी पेन ठेवणार नाही. गांधी पडद्यावर कितीजणांनी केले! बेन किंग्जलेंनी ‘गांधी’मध्ये केला, त्याच सिनेमात आपले लागू गोखले होते, हे तुझ्या बाजूनं मीच सांगून टाकते. अन्नू कपूरनं ‘सरदार’मध्ये केला, रजित कपूरनं श्याम बेनेगलांकडे केला, नसीरनं ‘हे राम’मध्ये केला. या सगळ्यांना इतिहासातला गांधी करायचा होता. पुस्तकं वाचायची, चित्रफिती पाहायच्या, काठी कशी धरायचे ते बघायचं. प्रभावळकरांचा पेच वेगळा होता. राजू हिरानींच्या गोष्टीतला गांधी खरा नाहीच. ग्रंथालयात दिवसरात्र जागून वाचणाऱ्या मुन्नाच्या डोक्यातला तो ‘केमिकल लोचा’. बाकी कुणाला दिसत नाही. आणि पुढे भर सभेत उघड होतं की जे मुन्नाला माहीत नाही ते या बापूंनाही माहीत नाही.

म्हणजे नटानं करायचं काय? महात्मा करायचा, पण एका टपोरी पोराच्या समजुतीइतकाच मोठा. प्रभावळकर त्यात कुठेही थोर होत नाहीत. मुन्ना काही विचारतो तेव्हा ते एक क्षण थांबतात, जणू हा पोरगा स्वतःच उत्तरापर्यंत पोचतोय का ते बघतात, आणि मग बोलतात. आवाज चढत नाही. डोळ्यांत एक मिस्कील ओळख असते, आजोबा नातवाचं खोटं पकडतात आणि आईला सांगत नाहीत तशी. टिपरे बघितलेल्या माणसाला ती नजर लगेच सापडते. संजय दत्तसारखा धिप्पाड गडी त्या नजरेपुढे शाळकरी पोर दिसायला लागतो. पुन्हा सिनेमा लावशील तेव्हा त्यांचं थांबणं बघ, बोलणं नको. त्या वर्षीचं सहायक अभिनेत्याचं राष्ट्रीय पारितोषिक त्यांना मिळालं, आणि ते या एकट्या सिनेमाला नव्हतं बरं. सोबत गजेंद्र अहिरेंचा मराठी ‘शेवरी’ही होता. ‘शेवरी’चं नाव कुणी काढत नाही. हिंदीवाल्यांना तर ते माहीतही नसेल.

मग पुढे? राम गोपाल वर्मांकडे ‘सरकार राज’मध्ये रावसाहेब केले, तेही जबरदस्त. पण एवढा गांधी केल्यावर या माणसाच्या दारात रांग लागायला हवी होती. ती लागली नाही. हिंदीला ओळखीचा चेहरा लागतो, आणि यांचा चेहरा कुठला, हेच तिथे कुणाला सांगता येईना. तुझ्या ‘कोण गं तो’ची ही दुसरी बाजू. जिथे नाव विकलं जातं तिथे ओळखू न येणं महाग पडतं. मराठीनंही त्यांना फार लवकर म्हातारा करून टाकलं, हे माझं म्हणणं आहे. पन्नाशी-साठीतला भलाबुरा, गुंतागुंतीचा पुरुष त्यांना आणखी करायला मिळायला हवा होता. ‘साळसूद’ मालिकेतला सज्जन मुखवट्याचा दुष्ट माणूस ज्यांनी पाहिला त्यांना मी काय म्हणते ते कळेल. त्या वाटेनं त्यांना कुणी फारसं पुढे नेलं नाही.

पण म्हाताऱ्यांतही या माणसानं किती जाती दाखवल्या! ‘देऊळ’मधले अण्णा घे. २०११चा उमेश कुलकर्णीचा सिनेमा. गावाला देव दिसल्याच्या बातमीनं वेड लागलंय, दुकानं मांडली जातायत, आणि अण्णा गावासाठी इस्पितळाचा आराखडा घेऊन हिंडतायत. शहाणा माणूस, म्हणून एकटा. शेवटी गाव सोडून जातो. त्यात ते मोठ्यानं बोलल्याचं मला आठवत नाही.

त्याच्या अगदी उलट नारबा. २०१३चा ‘नारबाची वाडी’, आदित्य सरपोतदारचा. मूळ गोष्ट मनोज मित्रांच्या ‘साजानो बागान’ या बंगाली नाटकाची, तपन सिन्हांनी त्यावर ‘बांछारामेर बागान’ केला होता. पण आपल्याकडे गुरू ठाकूरनं ती कोकणात अशी रुजवली की मूळ बंगाली होतं हे सांगावं लागतं. नारबाची नारळी-पोफळीची वाडी खोताच्या डोळ्यांत सलते. खोत म्हणजे मनोज जोशी. करार होतो: नारबा जिवंत असेपर्यंत खोतानं दरमहा पैसे द्यायचे, नारबा गेला की वाडी खोताची. नारबा तर आज जातो की उद्या, असा. आणि मग पैसे मिळतात, पोटात बरं जातं, आणि नारबा काही मरत नाही! प्रभावळकर सुरुवातीला जमिनीला इतके वाकलेले असतात की झाडाचं वाळकं झाप वाटावेत. पुढे करार जसा मुरतो तसे ते इंचाइंचानं सरळ होत जातात. एका प्रसंगात सगळं दाखवून टाकत नाहीत. तू मध्येच कधीतरी बघतेस आणि लक्षात येतं, अरे, याची पाठ केव्हा ताठ झाली? खोताची प्रकृती मात्र त्याच मापानं ढासळत जाते. मरायला टेकलेला माणूस जगायला सोकावतो, त्यातली लबाडी आणि त्याचं भाबडेपण एकाच चेहऱ्यावर. माझ्या हिशेबी त्यांचं पडद्यावरचं सगळ्यात पूर्ण काम हेच. गांधींहूनही.

आता येऊ तुझ्या बाबुलीकडे. सुबोध खानोलकरचा ‘दशावतार’ १२ सप्टेंबर २०२५ला लागला तेव्हा प्रभावळकर ८१ वर्षांचे झाले होते. जन्म ४ ऑगस्ट १९४४चा, गणित करून बघ. या वयात नटाला आरामखुर्चीत बसवतात, शाल पांघरतात आणि दोन आशीर्वाद म्हणवून घेतात. इथे त्यांना रान, नदी, चिखल, रात्रीचा खेळ, सगळं दिलं आणि त्यांनी ते घेतलं. बाबुली मेस्त्री हा दशावतारी कलावंत. नजर जात चालली आहे, मुलाला वाटतं बाबांनी आता थांबावं. आणि बाबुलीच्या रानावर खाणीची नजर आहे.

तू कोकणातली नाहीस, म्हणून सांगते. दशावतारात लिहून दिलेली संहिता नसते. आख्यान ठरतं, आणि मग प्रत्येक जण आपलं बोलणं आपणच बोलतो. देवळाच्या जत्रेत रात्रभर खेळ चालतो. तोंड रंगवायलाही दुसरा कुणी नसतो. कलावंत जमिनीवर बसतो, हातात आरसा घेतो आणि आपलं तोंड आपणच रंगवतो. पुरुषच राणी होतात, तेच राक्षस होतात. पेटाऱ्यातल्या गणपतीला नमस्कार करून मग उभं राहायचं. आता तूच सांग, जो माणूस चेटकीण झाला, बाई झाला, भूत झाला, बाहुला झाला, महात्मा झाला, स्वतःचं बोलणं स्वतः लिहीत आला, त्याच्यासाठी याहून नेमकी भूमिका कुणी शोधून काढली असती? बाबुली आरशात बघून रंग लावतो तेव्हा तुला जे ‘मेकअप’ दिसलं, ते त्या माणसाचं जन्मभराचं काम आहे. सिनेमात काही ठिकाणी मला जरा जास्तच आरडाओरडा वाटला, दुसरा भाग थोडा ताणलाय. पण बाबुली रंग लावून उभा राहिला की तक्रार करायला तोंड उघडत नाही.

तर बाईसाहेब, माझा निकाल असा: लागूंनी आपल्याला लागू दिले, ते फार मोठं दान. प्रभावळकरांनी आपल्याला चिमणराव, नंदू, कृष्णराव, तात्या, आबा, बापू, नारबा आणि बाबुली दिले, आणि स्वतःला त्यातून वगळलं. मला विचारशील तर मराठीत दुसऱ्या प्रकारचा एवढा मोठा नट आजमितीला दुसरा नाही.

आता एवढं कर. तुमच्याकडे बर्फ पडायला लागलं की रविवारी घरात कोंडूनच असता. जावयाला सांगून ‘नारबाची वाडी’ लावून घे. त्या पाठीकडे लक्ष ठेव. आणि मग मला कागदावर, पेननं, निदान तीन पानांचं उत्तर लिही. मेकअपबद्दल एक अक्षर आलं तर पत्र साभार परत पाठवीन.

तुझी,
दादरकरीण

ता. क. नातवाला तात्या विंचू दाखवायचा विचार असेल तर दिवसाउजेडी दाखव.